हुसेन, मकबूल फिदा : चित्रपट व मांडणशिल्प

हुसेन, मकबूल फिदा : (१७ सप्टेंबर १९१५–९ जून २०११). विख्यात आधुनिक भारतीय चित्रकार व चित्रपटकार. जन्म सोलापूर जिल्ह्यातील पंढरपूर येथे सुलेमानी बोहरा पंथाच्या एका सामान्य कुटुंबात. वडिलांचे नाव फिदा, आईचे झैनब. हुसेन सु. दीड वर्षांचे असतानाच आईचे निधन झाले. तिचे एकही छायाचित्र उपलब्ध नव्हते. त्यामुळे आईचा चेहरा त्यांना कधीच आठवता आला नाही. स्मृतीत राहिले ते केवळ नऊवारी लुगडे नेसलेल्या मराठी स्त्रीचे रूप. रंगचित्रांप्रमाणेच पुढे चित्रपट व मांडणशिल्प या माध्यमांतही त्यांनी जी निर्मिती केली, तिच्या मुळाशी या हरवलेल्या चेहऱ्याचा शोध असल्याचे आढळते. आपण कोण व कोठले, हा प्रश्न त्यांच्या बाबतीत प्रथम खाजगी होता. उत्तरायुष्यात तो सार्वजनिक वादाचा व अखेरीस न्यायालयीन विषय बनला.

पंढरपुरात आजोबा अब्दुल यांचा पत्र्याच्या वस्तू व दिवे तयार करण्याचा व्यवसाय होता. कंदील, छत्री, जोडा यांसारख्या साध्या वस्तू हुसेन यांच्या कलेत आयुष्यभर पुनःपुन्हा येतात. त्यांतील कंदिलाचा उगम आजोबांच्या दुकानात आहे, हे उघड आहे. आईच्या निधनानंतर वडिलांनी दुसरा विवाह केला व ते इंदूर येथे गिरणीत नोकरीस गेले. मोहरमच्या मिरवणुकीतील ताबूत व ‘दुलदुल’ हा घोडा, तसेच पंढरपूर व इंदूर येथे पाहिलेली रामलीला, हे दोन्ही संस्कार बालवयातच त्यांच्या मनावर झाले. काही काळ ते बडोदे येथील वसतिगृहयुक्त शाळेत होते. अरबी सुलेखनाचा, विशेषतः कूफी लिपीचा, परिचयही त्यांना लहानपणीच झाला. रेषेवरील त्यांचे प्रभुत्व या सुलेखनाच्या सरावाशी निगडित आहे. पंढरपूर ही ज्या दैवताची नगरी, त्याला वारकरी परंपरेत ‘माउली’ व ‘विठाई’ असे संबोधिले जाते. आईविना वाढलेल्या या कलावंताच्या मातृशोधाचा संबंध त्या परंपरेशी जोडण्याचा मोह मराठी वाचकाला होणे स्वाभाविक आहे. परंतु एवढ्या अल्प वयातील वास्तव्यावर फार मोठे अनुमान उभारणे धाडसाचे ठरेल.

चित्रपटाशी हुसेन यांचा संबंध चित्रकलेइतकाच जुना आहे. मूकपटांच्या काळात गावोगाव टांग्यातून, बँड वाजवीत चित्रपटांची जाहिरात केली जाई आणि पतंगाच्या रंगीत कागदावर छापलेली पत्रके वाटली जात. कोल्हापूरकडील ‘सिंहगड’ या चित्रपटाचे असे एक पत्रक इंदूर येथे हुसेन यांच्या हाती आले. त्यावरील ढाल-तलवार घेतलेल्या मराठा वीराचे चित्र तैलरंगात रंगविण्याच्या ओढीने त्यांनी आपली शालेय पुस्तके विकून रंग विकत घेतले. हे त्यांचे पहिले तैलचित्र. ही हकीकत त्यांनी आपल्या आत्मकथनात नमूद केली आहे. इंदूर येथेच नारायण श्रीधर बेंद्रे (१९१०–९२) यांच्याशी त्यांची ओळख झाली. बेंद्रे यांनी फिदा हुसेन यांचे मन वळविले आणि मुलाच्या चित्रकलेला घरातून संमती मिळाली.

१९३० नंतरच्या दशकात हुसेन मुंबईस आले. उपजीविकेसाठी त्यांनी चित्रपटांचे जाहिरातफलक रंगविण्याचे काम पतकरले. या कामाची मजुरी चौरस फुटावर मोजली जाई आणि ती अवघे काही आणे असे. फलकावरील आकृती दुरून व क्षणभरात ओळखू यावी लागते. तीत बारकाव्यांना वाव नसतो. ठसठशीत बाह्यरेषा, सपाट व झगझगीत रंगक्षेत्रे, प्रचंड आकार आणि कामाचा विलक्षण वेग ही हुसेन यांची वैशिष्ट्ये या उमेदवारीत घडली. १९४१ मध्ये विवाह झाल्यानंतर त्यांनी लाकडी सामान व खेळणी यांचे आकृतिबंध करण्याची नोकरी केली. १९४७ मध्ये फ्रान्सिस न्यूटन सोझा (१९२४–२००२) यांच्या पुढाकाराने मुंबईत ‘प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप’ हा चित्रकारसंघ स्थापन झाला. त्यात सय्यद हैदर रझा, कृ. हा. आरा, ह. अं. गाडे व स. कृ. बाकरे यांच्यासमवेत हुसेन यांचा समावेश होता. फाळणीच्या वर्षी एकत्र आलेल्या या कलावंतांचे धर्म, प्रांत व भाषा भिन्न होत्या. नव्या राष्ट्राची चित्रभाषा सर्वांची मिळून असेल, हे त्यांचे गृहीतक होते. ‘जमीन’ (१९५५) या हुसेन यांच्या भव्य चित्रास ललित कला अकादमीचे राष्ट्रीय पारितोषिक लाभले. ‘बिट्‌वीन द स्पायडर अँड द लॅम्प’ (१९५६) हे त्यांचे दुसरे ख्यातनाम चित्र. या चित्रांतील स्त्रिया आकाराने भरदार आहेत; तथापि त्यांच्या मुद्रा बव्हंशी पुसट आहेत. पुढील काळातील मदर तेरेसा यांच्यावरील चित्रमालिकेत तर चेहरा पूर्णतः वगळलेला आहे. निळ्या काठाची पांढरी साडी, तिच्या घड्या, मांडीवरचे मूल, आणि पदराच्या आत केवळ काळोख. आईचा चेहरा न पाहिलेल्या मुलाने जगन्मान्य मातेचे चित्र काढावे आणि चेहऱ्याची जागा रिकामी सोडावी, यात त्यांच्या कलेचे एक मर्म दिसून येते.

चित्रपटनिर्मितीकडे हुसेन १९६७ मध्ये वळले. त्या सुमारास जहांगीर भावनगरी यांच्या प्रेरणेने ‘फिल्म्स डिव्हिजन’ या शासकीय संस्थेत प्रयोगशीलतेला उत्तेजन मिळू लागले होते. चित्रपटतंत्राचे शिक्षण नसलेल्या चित्रकाराच्या हाती कॅमेरा सोपविण्याचे धाडस या संस्थेने केले आणि ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ हा कृष्णधवल लघुपट तयार झाला. बुंदी, चितोड, जैसलमेर या राजस्थानातील स्थळांची ही चित्रकाराने टिपलेली रूपे होत. लघुपटाला कथानक नाही. आरंभीच्या अल्प निवेदनानंतर शब्दही नाहीत. विजय राघव राव यांचे संगीत तेवढे आहे. किल्ल्याच्या भिंती, वाळू, गाय, पाणी भरणाऱ्या स्त्रिया यांच्या जोडीने कंदील, छत्री व पादत्राण या वस्तू अनपेक्षित स्थळी पुनःपुन्हा दिसतात. प्रेक्षक त्यांचा परस्परांशी संबंध शोधू लागतो. दिग्दर्शक मात्र तो स्पष्ट करीत नाही. राजस्थानवरील माहितीपट म्हणून या कृतीकडे पाहिल्यास हाती काहीच लागत नाही. आजोबांच्या दुकानातील वस्तू घेऊन एक मनुष्य परक्या मुलखात हिंडतो आहे व त्या तेथे ठेवून पाहतो आहे, असे मानल्यास लघुपटाची संगती लागते. निसर्ग वा रस्ता हेच दालन मानून त्यात वस्तू मांडण्याची ही रीत पुढील काळातील मांडणशिल्पाची पूर्वसूचना म्हणता येईल.

यांतील पादत्राणासंबंधी एक गोष्ट नमूद करण्याजोगी आहे. सप्टेंबर १९६४ मध्ये हिंदी कवी गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–६४) यांचे दिल्ली येथे निधन झाले. मुक्तिबोध हे मराठी कुटुंबातील; कवी शरच्चंद्र मुक्तिबोध हे त्यांचे बंधू. त्यांच्या अंत्ययात्रेपासून आपण पादत्राणे वापरणे सोडले, असे हुसेन सांगत. अनवाणी चित्रकाराच्या लघुपटात तीन वर्षांनी रिकामा जोडा यावा, हा निव्वळ योगायोग नसावा.

या लघुपटास १९६७ च्या बर्लिन आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात लघुपटासाठीचे ‘सुवर्ण अस्वल’ हे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. त्यानंतर लवकरच मुंबईच्या चित्रकारवर्तुळातील इतरांनीही हे माध्यम हाताळले. तय्यब मेहता यांचा ‘कूडल’ (१९७०) व अकबर पदमसी यांचा ‘सिझिजी’ हे त्यांतील महत्त्वाचे लघुपट. मेहता व पदमसी यांचे प्रयोग वैचारिक दृष्ट्या अधिक काटेकोर आहेत; परंतु वाट हुसेन यांनी प्रथम मोकळी केली. १९८० नंतर हुसेन यांनी मद्रासच्या (आताचे चेन्नई) रस्त्यांवरील चित्रपटफलकांची कृष्णधवल छायाचित्रे घेतली. प्रचंड नायक-नायिकांच्या पायाशी झोपलेली, चालणारी, सायकल हाकणारी माणसे त्यांत आहेत. एके काळी परातीवर उभे राहून हेच फलक रंगविणाऱ्याने घेतलेली ही छायाचित्रे असल्याने त्यांना आत्मकथनाचे मोल आहे.

चौकट व चौथरा सोडून एखादी जागा, तीतील वस्तू, प्रकाश व प्रेक्षकाचा वावर यांनी मिळून सिद्ध होणाऱ्या कलाकृतीस मांडणशिल्प असे म्हणतात. हा प्रकार भारतात १९९० नंतर रुजू लागला. विवान सुंदरम यांचे ‘मेमोरियल’ (१९९३) हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण. हुसेन यांनी या प्रकाराकडे वळताना वय वर्षे पंचाहत्तर ओलांडली होती. १९९२ मध्ये कलकत्ता येथे त्यांनी प्रेक्षकांसमोर काही दिवस देवींची सहा मोठी चित्रे रंगविली व अखेरच्या दिवशी ती सर्व पांढऱ्या रंगाने पुसून टाकली. दुर्गापूजेनंतर मूर्ती गंगेत विसर्जित करणाऱ्या नगरीत या कृतीचा संदर्भ निराळा सांगावा लागत नव्हता. त्याच वर्षी मुंबईच्या जहांगीर कलादालनात त्यांनी ‘श्वेतांबरी’ मांडले. दोन्ही दालनांच्या भिंती पांढऱ्या कापडाने आच्छादिलेल्या, तेच कापड वळ्यावळ्यांनी जमिनीवर पसरलेले आणि त्यात फाडलेल्या वृत्तपत्रांचे तुकडे विखुरलेले, एवढेच त्यात होते. हुसेन यांची चित्रे पाहण्यास आलेल्यांना चित्र एकही दिसले नाही. ही थट्टा की कला, असा प्रश्न तेव्हा विचारला गेला. प्रसिद्धीचे तंत्र हुसेन यांना उत्तम अवगत होते, हे खरेच. तथापि ‘श्वेतांबरी’ला केवळ प्रसिद्धीतंत्र म्हणणे न्याय्य नाही. पांढरे वस्त्र आपल्याकडे कफनाचे, वैधव्याचे व वैराग्याचेही असते. त्या पार्श्वभूमीवर फाटलेली वृत्तपत्रे पाहणाऱ्यास त्या वर्षाच्या अखेरीस मुंबईत उसळलेल्या दंगलींनंतर ही मांडणी वेगळ्याच अर्थाने आठवली असेल. ज्या स्त्रीरूपाला त्यांनी आजवर चेहरा दिला नव्हता, तिचे येथे केवळ वस्त्र उरले, असाही तिचा अर्थ लावता येतो.

अहमदाबाद येथील भूमिगत ‘गुफा’ ही त्यांची याच काळातील दुसरी महत्त्वाची निर्मिती. वास्तुशिल्पज्ञ बाळकृष्ण दोशी (१९२७–२०२३) यांनी ती उभारली व १९९५ मध्ये ती पूर्ण झाली. प्रारंभी ती ‘हुसेन–दोशी नी गुफा’ म्हणून ओळखली जाई. आता तिचे नाव ‘अमदावाद नी गुफा’ असे आहे. बाहेरून कासवाच्या पाठीसारखे दिसणारे घुमट आणि त्यांवर चिनी मातीच्या तुकड्यांचे आच्छादन. आत वेड्यावाकड्या कललेल्या खांबांचे, सरळ भिंत कोठेही नसलेले दालन. येथे चित्र टांगण्यास जागाच नसल्याने हुसेन यांनी थेट वक्र भिंतींवर रंगकाम केले व खांबांच्या मधोमध धातूच्या आकृती उभ्या केल्या. वास्तू, चित्र व शिल्प यांच्या सीमा येथे पुसल्या गेल्या आहेत. अजिंठ्याची परंपरा विसाव्या शतकात पुढे नेण्याचा इतका सरळ प्रयत्न दुसरा क्वचितच आढळेल. ‘थिओरामा’ (१९९४) या चित्रमालिकेत त्यांनी जगातील नऊ धर्मांवर प्रत्येकी एक चित्र काढून दहावे मानवतावादाला वाहिले.

१९९६ मध्ये एका हिंदी मासिकाने हुसेन यांनी १९७० नंतरच्या दशकात काढलेले सरस्वतीचे रेखाचित्र पुनर्मुद्रित केले. देवतेचे विवस्त्र चित्रण केल्याबद्दल त्यांच्यावर टीकेची झोड उठली व देशात अनेक ठिकाणी खटले दाखल झाले. ऑक्टोबर १९९६ मध्ये अहमदाबाद येथील गुफेलगतच्या कलादालनात घुसून जमावाने त्यांच्या कलाकृतींची नासधूस केली. १९९८ मध्ये त्यांच्या मुंबईतील निवासस्थानावर हल्ला झाला. या वादात श्रद्धावंतांच्या दुखावलेल्या भावना होत्या, तसेच राजकारणही होते. मूळ मुद्दा मात्र ओळखीचा होता. राममनोहर लोहिया यांच्या सूचनेवरून हैदराबाद येथे बद्रीविशाल पित्ती यांच्यासाठी रामायणावर शेकडो चित्रे काढणारा आणि १९७१ च्या साऊँ पाउलू द्वैवार्षिक प्रदर्शनात महाभारतावरील मालिका मांडणारा हा चित्रकार या कथांकडे घरच्या माणसाप्रमाणे पाहत होता. त्या आपल्या मानण्याचा हक्क त्यास आहे काय, असा प्रश्न आता विचारला जाऊ लागला.

या पार्श्वभूमीवर २००० मध्ये प्रदर्शित झालेला ‘गजगामिनी’ हा चित्रपट पाहावा लागतो. माधुरी दीक्षित या अभिनेत्रीवरील हुसेन यांच्या अनावर लोभाची वृत्तपत्रांतून पुष्कळ चर्चा झाली. ‘हम आपके हैं कौन’ (१९९४) हा तिचा चित्रपट त्यांनी डझनावारी वेळा पाहिला, तिच्यावर चित्रमालिकाही केली. या चर्चेमुळे चित्रपटाच्या आशयाकडे दुर्लक्ष झाले. डोक्यावर गाठोडे घेऊन चालणारी एक स्त्री काळाच्या सर्व खंडांतून जाते. काशीच्या घाटावरील अंध संगीता, कालिदासाची शकुंतला, लिओनार्दोची मोनालिसा व आधुनिक मोनिका ही सर्व तिचीच रूपे असून ती माधुरी दीक्षित यांनीच साकारली आहेत. कालिदासाच्या भूमिकेत मोहन आगाशे व लिओनार्दोच्या भूमिकेत नसीरुद्दीन शाह आहेत. अशोक मेहता यांचे छायाचित्रण व भूपेन हजारिका यांचे संगीत आहे. दृश्ये उघडपणे कृत्रिम नेपथ्यावर चित्रित केली असून पात्रे त्यांत चालत्या चित्रांप्रमाणे वावरतात. नाट्य म्हणून चित्रपट विस्कळित आहे, संवाद बोजड आहेत आणि व्यावसायिक दृष्ट्या तो अपयशी ठरला. हे दोष नाकारण्यात अर्थ नाही. परंतु पाठमोरी चालणारी, ओझे वाहणारी ही मराठी वळणाची स्त्री म्हणजे पंढरपुरात निवर्तलेली आईच होय. तिला चेहरा देण्यासाठी हुसेन यांनी हिंदी पडद्यावरील सर्वांत परिचित मराठी चेहरा निवडला. चित्रपटफलकावरील नायिका व न पाहिलेली माता यांची येथे प्रथमच गाठ पडली.

‘मीनाक्षी : अ टेल ऑफ थ्री सिटीज’ (२००४) हा दुसरा चित्रपट अधिक बांधेसूद आहे. पटकथालेखनात पुत्र ओवेस यांचे साहाय्य, छायाचित्रण संतोष सिवन यांचे व संगीत ए. आर. रहमान यांचे. हैदराबादेतील एका प्रौढ कादंबरीकारास लेखन सुचेनासे झाले आहे. अत्तरे विकणारी मीनाक्षी ही तरुणी त्याला आपल्यावर कादंबरी लिहिण्याचे आव्हान देते. तो तिला कधी जैसलमेरमध्ये तर कधी प्राग शहरात निराळ्या नावाने कल्पितो. ती मात्र त्याने दिलेल्या कथेविषयी असमाधान व्यक्त करीत राहते. कलावंताने दिलेली ओळख पात्र निमूटपणे स्वीकारीत नाही, ही कल्पना नव्वदीच्या उंबरठ्यावरील कलावंतास सुचली, हे लक्षणीय आहे. तब्बू या अभिनेत्रीने तिन्ही रूपे वठविली आहेत. चित्रपटातील एका गीतात कुराणातील शब्द स्त्रीच्या वर्णनासाठी योजल्याचा आक्षेप काही मुस्लिम संघटनांनी घेतला आणि प्रदर्शनानंतर थोड्याच दिवसांत चित्रपट मागे घेण्यात आला. आठ वर्षांच्या अंतराने दोन भिन्न समाजांतून त्यांच्यावर एकच आरोप झाला.

२००६ मध्ये ‘भारतमाता’ या नावाने प्रसिद्धीस आलेल्या चित्रावरून पुन्हा वाद झाला. हुसेन यांनी क्षमायाचना करून चित्र लिलावातून मागे घेतले. तथापि खटले व धमक्या थांबल्या नाहीत. त्याच वर्षी त्यांनी देश सोडला व नंतर ते दुबई, दोहा व लंडन येथे राहिले. ८ मे २००८ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती संजय किशन कौल यांनी त्यांच्यावरील फौजदारी कारवाई रद्दबातल ठरविली. निकालपत्रात भारतीय कलापरंपरेतील नग्नतेच्या स्थानाचा विस्ताराने ऊहापोह आहे. सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही या निर्णयाविरुद्धची याचिका फेटाळली. तरीही हुसेन परतले नाहीत. पद्मश्री (१९६६), पद्मभूषण (१९७३) व पद्मविभूषण (१९९१) या सन्मानांचे मानकरी आणि राज्यसभेचे नामनियुक्त सदस्य (१९८६–९२) असलेल्या या कलावंताने २०१० मध्ये कतारचे नागरिकत्व स्वीकारले व भारतीय पारपत्र परत केले. लंडन येथे त्यांचे निधन झाले. इंग्लंडमधील सरे परगण्यातील ब्रुकवुड दफनभूमीत त्यांचे दफन करण्यात आले.

परदेशातील अखेरच्या वर्षांत त्यांनी अरब संस्कृतीवरील ९९ चित्रांचा संकल्प सोडला होता. तो पुरा झाला नाही. दोहा येथील ‘सीरू फिल अर्द’ हे त्यांनी योजिलेले सर्वांत भव्य मांडणशिल्प त्यांच्या मृत्यूनंतर, २०१९ मध्ये पूर्ण झाले. शीर्षक कुराणातून घेतले असून ‘पृथ्वीवर भ्रमण करा’ असा त्याचा आशय आहे. उड्डाणाचा प्रयत्न करणारा अंदलुसियाचा अब्बास इब्न फिरनास, लिओनार्दोचे उड्डाणयंत्र, जुन्या मोटारगाड्या आणि व्हेनिसनजीकच्या मुरानो बेटावरील कारागिरांनी घडविलेले काचेचे घोडे यांत्रिक योजनेने संगीताच्या साथीत हलू-फिरू लागतात. नोव्हेंबर २०२५ मध्ये दोहा येथे हुसेन यांच्या कलाकृतींचे ‘लौह व कलम’ हे स्वतंत्र संग्रहालय सुरू झाले. त्याच्या इमारतीची मूळ कल्पना त्यांच्याच एका रेखाटनावरून घेतलेली असून उपर्युक्त मांडणशिल्पाचा त्यात अंतर्भाव आहे.